झुरळाचा व्हिसा

रात्री साडेबाराला पाणी प्यायला उठलो, स्वयंपाकघरातला दिवा लावला, तर ओट्यावर झुरळ. दिवा लागला की झुरळं पळतात म्हणे. हे पळालं नाही. शेगडीशेजारी मिशा हलवत उभं राहिलं, जणू मीच त्याच्या घरी अवेळी आलोय. हात सवयीने चपलेकडे गेला खरा, पण अशा वेळी मला हमखास बिली वाइल्डर आठवतो, आणि तेवढ्यात झुरळ निसटतं. आमच्या घरातली झुरळं कमी होत नाहीत याला हॉलिवूड जबाबदार आहे, असं मी आईला सांगून पाहिलंय. तिला ते पटलेलं नाही.

वाइल्डर म्हणजे 'सम लाइक इट हॉट' आणि 'द अपार्टमेंट' या सिनेमांचा दिग्दर्शक. पण ते पुढचं. १९४१ साली तो पॅरामाउंट स्टुडिओत पगारी लेखक होता. चार्ल्स ब्रॅकेट या जोडीदाराबरोबर खोलीत बसून पटकथा लिहायची आणि ती दुसऱ्याच्या हाती सोपवायची, एवढंच त्याचं काम. त्या वर्षी दोघं 'होल्ड बॅक द डॉन' लिहीत होते. त्याचा नायक रुमानियाचा, बायकांच्या जिवावर जगणारा एक देखणा लफंगा. त्याला अमेरिकेत जायचंय, पण व्हिसा मिळत नाही, म्हणून मेक्सिकोच्या सीमेवरच्या गावात एका भिकार हॉटेलात अडकून पडलाय. वाइल्डरने त्याच्यासाठी एक प्रवेश लिहिला. नायक कपड्यानिशी पलंगावर लोळतोय. भिंतीवरून एक झुरळ वर चाललंय. नायक काठी पुढे करून त्याची वाट अडवतो आणि सीमेवरच्या अधिकाऱ्याच्या थाटात विचारतो, काय रे, कुठे निघालास? व्हिसा आहे का? नाही? मग जाता येणार नाही.

बस, एवढाच प्रवेश. वाचताना हसू येतं, आणि मग हळूहळू ते ओसरतं.

कारण काठीच्या या टोकाला आणि त्या टोकाला, दोन्हीकडे वाइल्डरच होता. १९०६ साली ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात, आज पोलंडमध्ये असलेल्या सुखा या गावी एका ज्यू घरात तो जन्मला. व्हिएन्नात वार्ताहर झाला, मग बर्लिनला गेला. तिथे हातात पैसे नव्हते तेव्हा एका मोठ्या हॉटेलात एकट्या आलेल्या बायकांबरोबर पैसे घेऊन नाचायचं कामही त्याने केलं, आणि नंतर त्यावर वर्तमानपत्रात लेखमाला लिहून त्याचेही पैसे मिळवले. (लेखकाने कसं असावं याचा हा नमुनाच.) १९३३ मध्ये हिटलर आल्यावर तो पॅरिसला पळाला, १९३४ मध्ये अमेरिकेत पोचला. इंग्रजी यथातथाच. पाहुण्याचा व्हिसा संपला, आणि कायमचा मिळवायचा तर देशाबाहेर जाऊन मागायला हवा, म्हणून सीमेपलीकडच्या मेक्सिकाली गावी जाऊन बसला. वकिलातीने मागितलेली कागदपत्रं त्याच्याजवळ नव्हती. जीव घेऊन पळणारा माणूस दाखले गोळा करत बसत नाही.

पुढचं त्याने १९८८ साली ऑस्करच्या मंचावर थाल्बर्ग पुरस्कार घेताना सांगितलं. अधिकाऱ्याने कागद पाहिले, हे पुरेसे नाहीत म्हणाला, आणि मग विचारलं, "तुम्ही करता काय?" "सिनेमे लिहितो." अधिकारी उठला, त्याच्यामागे येरझारा घालू लागला. परत येऊन बसला, पासपोर्टवर शिक्का मारला आणि म्हणाला, "मग चांगले लिहा." तेव्हापासून तोच प्रयत्न करतोय, असं म्हातारा वाइल्डर म्हणाला. ज्यांच्या कागदांवर असा शिक्का कधी उमटला नाही त्यांच्यात त्याची आई होती, आजी होती, सावत्र वडील होते. तिघंही नाझींच्या संहारात गेले. हे त्याने त्या मंचावर सांगितलं नाही.

तर अशा माणसाने लिहिलेलं ते झुरळ.

आणि नायकाचं काम करणाऱ्या शार्ल ब्वाये या फ्रेंच नटाने तो प्रवेश करायला नकार दिला. झुरळाला उत्तर देता येत नाही, मग मी त्याच्याशी बोलू कसा, असा त्याचा सवाल. दिग्दर्शक मिचेल लायझनने मान डोलावली आणि प्रवेश गेला. वाइल्डरला हे समजलं ते हॉटेलात जेवणाच्या वेळी, खुद्द ब्वायेच्याच तोंडून.

इथे माझा जीव थोडा जास्तच कळवळतो. कॉलेजात मी एक एकांकिका लिहिली होती. तिच्यात एक वाक्य होतं, ज्यासाठी मी ती अख्खी एकांकिका लिहिली होती. तालमीत आमचा नायक ते दोनदा म्हणाला आणि थांबला. "तोंडात बसत नाही रे." ज्याने लिहिणाऱ्याच्या खुर्चीतून हे ऐकलंय त्यालाच त्याचा अर्थ कळतो. मी "बरं" म्हणालो. प्रयोगाच्या दिवशी त्या वाक्याच्या जागी नायक खोकला. खोकल्याला टाळ्या पडल्या.

वाइल्डर "बरं" म्हणणाऱ्यातला नव्हता. पटकथेचा शेवटचा भाग अजून लिहायचा होता. तो ब्रॅकेटला म्हणाला, ब्वाये झुरळाशी बोलणार नसेल तर कुणाशीच बोलणार नाही. (मुळात एक शिवीही आहे.) मग दोघांनी नायकाच्या तोंडचं जेवढं काढता येईल तेवढं काढलं आणि सगळं नायिकेला, म्हणजे ऑलिव्हिया डी हॅव्हिलंडला देऊन टाकलं. तिला त्या भूमिकेसाठी ऑस्करचं नामांकन मिळालं. बक्षीस मात्र त्या वर्षी तिच्या सख्ख्या बहिणीने, जोन फाँटेनने नेलं. पण ते भांडण वेगळं आहे, त्यात झुरळाचा हात नाही.

वाइल्डरने ठरवलं, आता आपलं आपणच दिग्दर्शित करायचं. कॅमेऱ्याच्या ओढीने दिग्दर्शक झालेले पुष्कळ असतील; हा गृहस्थ आपल्या वाक्यांची राखण करायला दिग्दर्शक झाला. स्टुडिओवाल्यांचा हिशोब असा की एखादा कलात्मक सिनेमा काढेल, तो पडेल आणि स्वारी परत खोलीत लिहायला बसेल. तो हे ओळखून होता. म्हणून १९४२ मध्ये त्याने मुद्दाम अगदी चालेलसा विषय घेतला: तिकिटाला पैसे पुरत नाहीत म्हणून एक तरुणी लहान मुलगी बनून अर्ध्या तिकिटात रेल्वे प्रवास करते. 'द मेजर अँड द मायनर' चालला. तीच युक्ती पुढे आणखी एका अमेरिकन सिनेमातून फिरत फिरत आपल्याकडे किशोरकुमारच्या 'हाफ तिकीट'पर्यंत आली.

त्यानंतर म्हणे त्याच्या सेटवर शब्द बदलायची सोय नसे. आणि अशा माणसाच्या नशिबी कोण यावी, तर मॅरिलिन मन्रो. 'सम लाइक इट हॉट'मध्ये तिला कपाटाचे खण उघडत "ती व्हिस्की कुठे आहे?" एवढंच विचारायचं होतं. चाळीसच्या वर टेक झाले. शेवटी वाइल्डरने खणांत वाक्य लिहिलेले कागद चिकटवले. वाक्य तोंडात बसत नसेल तर खणात बसवा!

गंमत म्हणजे याच सिनेमाचं शेवटचं वाक्य, त्याचं सर्वांत गाजलेलं, पक्कं असं नव्हतंच. तोवर ब्रॅकेटची साथ सुटून आय. ए. एल. डायमंड लेखनातला जोडीदार झाला होता. बाईच्या वेषातला जॅक लेमन विग काढून म्हणतो, मी पुरुष आहे. त्यावर लग्नाला उतावीळ झालेल्या म्हाताऱ्याने काय म्हणावं? डायमंडने सुचवलं, "असू दे, कुणीच परफेक्ट नसतं." दोघांनी ते तात्पुरतं लिहून ठेवलं, चांगलं सुचलं की बदलू म्हणून. चांगलं काही सुचलं नाही.

२००२ मध्ये, पंचाण्णवाव्या वर्षी वाइल्डर गेला. लॉस एंजेलिसमधल्या त्याच्या थडग्यावर तेच वाक्य आहे, एका भरीसह: "मी लेखक आहे, पण असू दे, कुणीच परफेक्ट नसतं." 'दिग्दर्शक' हा शब्द दगडावर नाही.

"एवढ्या रात्री कुणाशी बोलतोयस?" आई दारात उभी होती. मी अभावितपणे "व्हिसा आहे का?" मोठ्यांदा म्हणालो असणार. मग तिला तिथेच, ओट्याला टेकून सगळं सांगितलं. मेक्सिकाली, ब्वाये, काठी. तिने शांतपणे ऐकून घेतलं.

"म्हणजे सिनेमात ते झुरळ नाहीच?"

"नाही. प्रवेशच काढून टाकला."

"बरं. आणि आपलं कुठे गेलं?"

मी ओट्याकडे बघितलं. "सिलिंडरमागे."