तुम्ही विचारलंत म्हणून: गाव नक्की कुठं आलं?

पुण्यात नवीन कोण भेटलं की हे ठरलेलंच, "आडनाव मराठी, बोलणं मराठी, मग गाव कर्नाटकात कसं? कधी गेलात तिकडं?" गेलो कुठं हो, हाय तिथंच हाय. बेळगावातनं वेंगुर्ला रोडला लागायचं, हिंडलगा, सुळगा सोडलं की आत वळायचं. शंभरेक उंबरा, एक ब्रह्मलिंगाचं देऊळ, नाव सांगून उपयोग नाही, मॅपवर झूम करून करून बोट दुखतंय तेव्हा कुठं दिसतं.

खाली मार्कंडेय नदीकडची जमीन काळी, चिकट, भाताची. वर माळ, लाल माती, तिथं रताळी आणि नाचणा. भात आमच्यात धूळवाफेवर. म्हणजे मे महिन्यात वळीव पडून गेला की कोरड्या मातीतच कुरीनं पेरून मोकळं व्हायचं आणि आभाळाकडं बघत बसायचं. जूनचा पाऊस वेळेत आला तर बरं, नाहीतर भातापेक्षा तणच जोरात, मग दोन-दोन भांगलणी आणि मजुरीचा आकडा बघून आमचे आण्णा दिवसभर कुणाशी बोलत नाहीत. भात निघालं की त्याच ओलीवर मसूर, तिला वेगळं पाणी लागत नाही. (आमच्याकडच्या मसुरीची आमटी एकदा खाऊन बघा, बाकीचं नंतर बोलू.)

आता इतिहास. गावात किल्ला नाही, लढाई झालेली नाही, जे झालं ते कागदावर. १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत आम्ही मुंबई राज्यात, बेळगाव जिल्हा, आणि शेजारचा चंदगड तालुका पण ह्याच जिल्ह्यात. हे बऱ्याच जणांना माहीतच नसतंय. त्या दिवशी चंदगड कोल्हापूर जिल्ह्यात गेला पण राहिला मुंबई राज्यातच, आणि आम्ही म्हैसूर राज्यात, ज्याचं नाव १९७३ ला कर्नाटक झालं. आजीचं माहेर चंदगडातलं, दीड तासाची पायवाट. पंचमीला ती डोक्यावर बुट्टी घेऊन त्याच वाटेनं जायची, वाटेत एक ओढा, एक जांभळीचं झाड, आणि १९५६ नंतर म्हणे मधेच कुठंतरी राज्य बदलायचं. तिला विचारलं नेमकं कुठं, तर म्हणायची, "जांभळीपतोर आपलंच की."

पुढं ह्या सीमेच्या वादावर महाजन आयोग झाला, २००४ पासून सुप्रीम कोर्टात दावा चालू आहे, त्यावर मी इथं भांडत बसत नाही, ते लग्नाच्या पंगतीत होतंय पुरेसं. मला टोचतं ते वेगळंच. आमच्या ट्रंकेत आजोबांचा उतारा आहे, मराठीत, कडा झिजलेल्या. आताचा उतारा कन्नडमधनं येतो. माझं शिक्षण सगळं मराठी शाळेत, त्यामुळं स्वतःच्या रानाचा कागद वाचायला मला धाकट्या भावाला फोटो पाठवावा लागतो, तो कन्नड शिकला, शहाणा.

पाण्याचं मात्र बघा. चंदगडची ताम्रपर्णी घटप्रभेला मिळते आणि आमची मार्कंडेय पण गोकाकजवळ घटप्रभेलाच. सीमा कळते ती मोबाईलला तेवढी, माळावरच्या शेतात चहा घेत बसलं की टॉवर बदलतो आणि मेसेज येतो, महाराष्ट्रात तुमचं स्वागत आहे. कप हातातच असतोय.