फाइलींचं बिऱ्हाड

नाशिकच्या जुन्या वाड्यात शिरायचं तर आधी दिंडी दरवाजा, मग चौक, मग ओसरी, मग माजघर. दिंडी ओलांडायची मुभा वेगळी आणि आत कोण कोण राहतं ते जाणून घ्यायची मुभा वेगळी. संगणक चालवणाऱ्या लिनक्स या प्रणालीतल्या फोल्डरचंही असंच आहे. तिथे परवानगीचे आकडे तीन: वाचायला ४, लिहायला २, चालवायला १. फाइल चालवणं समजू शकतं, पण फोल्डर कसा चालवायचा? तर फोल्डरवरचा १ म्हणजे दिंडी ओलांडणं. नुसता १ दिला, तर आतल्या फाइलचं नेमकं नाव ठाऊक असलेला माणूस तिच्यापर्यंत पोचतो, पण यादी त्याला दिसत नाही. नुसते ४ दिले, तर उंबऱ्याबाहेरून नावं वाचा आणि परत फिरा. हे आकडे बेरजेनं मांडतात: पहिला अंक मालकाचा, दुसरा गटाचा, तिसरा बाकीच्यांचा. म्हणून फोल्डरला ७५५ आणि फाइलला ६४४ असा रिवाज आहे.

यातली सगळ्यांना चकवणारी गोष्ट म्हणजे पुसणं. फाइल पुसायची परवानगी फाइलवर नसतेच, ती फोल्डरच्या २ आणि १ वर असते. फाइल ४४४ करून निर्धास्त झोपणारा माणूस पेटीला कुलूप घालतो, पण पेटी उचलून नेणाऱ्याला माजघर मोकळं ठेवतो. आणि काही जमेना म्हणून ७७७ ठोकणं म्हणजे तर दारं-खिडक्या-परसू सताड उघडं टाकून कुंभमेळ्याला जाणं.

विंडोजचा संसार वेगळा. तिथे आकडे नाहीत, कोणाला काय चालेल आणि काय नाही याची लांबलचक यादी असते आणि ती वरच्या फोल्डरकडून वारशानं येते. एकाच फोल्डरवर कोणाला होकार आणि नकार दोन्ही लिहिलेले असले, तर नकार जिंकतो. कार्यालयातल्या सामायिक फोल्डरला दोन दारं असतात, एक नेटवर्कचं आणि एक डिस्कचं. दोन्हींतलं जे अरुंद तेवढंच खरं. ‘पूर्ण हक्क दिलेत तरी लिहिता येत नाही’ या तक्रारीचं मूळ बहुधा इथेच सापडतं. आणखी एक गंमत: फाइल कॉपी केली की ती नव्या फोल्डरचे नियम घेते, पण त्याच ड्राइव्हवर कापून हलवली, तर जुनेच नियम गाठोड्यात बांधून येते. म्हणून सगळ्यांसाठी ठेवलेल्या फोल्डरात एखादीच फाइल कोणालाच उघडत नाही.

हे सगळं हक्काचं प्रकरण पेन ड्राइव्हवर येऊन संपतं. पेन ड्राइव्ह म्हणजे पंचवटीतली धर्मशाळा. खोलीवर मालकाचं नाव नाही. फॅट३२, एक्सफॅट, एनटीएफएस या ड्राइव्हवर फाइली मांडायच्या पद्धती. त्यातल्या फॅट३२ किंवा एक्सफॅटला मालक ही कल्पनाच माहीत नाही, त्यामुळे लिनक्समधून ठेवलेले ६०० तिथे पुसले जातात. ते टिकवायचे तर आधी टारचं, म्हणजे फाइली हक्कांसकट एकत्र बांधणाऱ्या आज्ञेचं, गाठोडं बांधावं आणि पलीकडे गेल्यावर सोडावं. फॅट३२वर एक फाइल ४ जीबीची भरली की लग्नाचा व्हिडिओ उंबऱ्यातच अडतो. एनटीएफएस करावं, तर अ‍ॅपलचा मॅक वाचतो पण स्वतःहून लिहीत नाही. लिनक्स, विंडोज, मॅक तिघांत फिरवायचं असेल तर मुकाट्यानं एक्सफॅट.

मग उरतात नावं, आणि इथे मराठी माणसाची स्वतंत्र दुखणी सुरू होतात. आपल्या लिपीत लहान-मोठं अक्षर नाही, त्यामुळे ‘A’ आणि ‘a’ एकच की वेगळे, हे एक भांडण टळलं. पण विंडोजला नावात विसर्ग-चिन्हासारखा दिसणारा अपूर्णविराम चालत नाही, प्रश्नचिन्ह चालत नाही आणि शेवटचा टिंब तर तो गुपचूप खातो: फोल्डरला ‘कै.’ म्हणावं, उरतं ‘कै’. लिनक्समध्ये नावाला २५५ बाइटांची (बाइट म्हणजे साठवणीचं माप) मर्यादा आणि देवनागरीचं प्रत्येक चिन्ह ३ बाइटांचं. काना, मात्रा, हलंत सगळे वेगळे मोजायचे. म्हणजे ८५ चिन्हं. ‘त्र्यंबकेश्वर’ एकटंच ३९ बाइट घेतं. विंडोज मात्र त्याच्या २५५ मध्ये चिन्हं मोजतो, तेव्हा तिकडचं ऐसपैस नाव इकडे येताना अडकतं. त्र्यंबकचे तीर्थोपाध्याय नामावळीच्या वह्या गाव आणि आडनावावर लावतात. स्कॅन केलेल्या कागदांनाही गाव, आडनाव, वर्ष एवढंच नाव पुरे. लग्नपत्रिकेचा मथळा नको.

सगळ्यात छुपं दुखणं ‘ऱ’चं. तो एका चिन्हानं लिहिता येतो, किंवा ‘र’खाली नुक्ता म्हणजे टिंब देऊन, डोळ्यांना फरक शून्य. मॅकची जुनी एचएफएस प्लस पद्धत नाव साठवताना त्याची फोड करून ठेवायची. तिथून लिनक्सवर आणलेलं ‘बिऱ्हाड’ आणि लिनक्सवर टंकलेलं ‘बिऱ्हाड’ एकाच फोल्डरात शेजारी शेजारी बसतात, आणि एक शोधलं तर दुसरं सापडत नाही. बाइट मोजले की कळतं: एक २१चं, दुसरं २४चं.