आरसीवर मयताचं नाव, मग गाडी कुणाची?

"आधी गाडी नावावर करून आणा, मग सोडू." पोलीस ठाण्यात ताईंना एवढंच सांगितलं होतं. नावावर करायला एजंटाकडे गेल्या, तर तो म्हणाला, गाडी जप्त असताना काही होणार नाही, आधी सोडवून आणा. अशा दोन्हीकडून अडकलेल्या त्या वकील म्हणून माझ्याकडे आल्या.

गाडी म्हणजे छोटा हत्ती टेम्पो, आरसीवर, म्हणजे नोंदणी प्रमाणपत्रावर, नाव ताईंच्या नवऱ्याचं. तो अचानक गेला, त्यानंतर दीर त्यातून करवीरमधल्या वाड्यावस्त्यांवरचं दूध पोचवायचा. एका पहाटे टेम्पोची दुचाकीला धडक बसली, दुचाकीवरचा मुलगा जखमी झाला. दिरावर गुन्हा दाखल झाला आणि टेम्पो जप्त. त्या मुलाच्या पायात रॉड घातला होता. त्याला भरपाई मिळायलाच हवी, पण ती विम्यातून, अपघात न्यायाधिकरणाकडून मिळते. टेम्पो ठाण्याच्या आवारात ठेवून त्याला एक रुपयाही मिळणार नव्हता.

गाडी सोडवण्याचा अर्ज कोर्टात करण्याआधी मी ती बघून आले. पुढची दोन्ही चाकं बसलेली, बॅटरी उतरलेली, हौद्यात सांडलेलं दूध वाळून आंबूस वास मारत होता. "सडाय लागलीया वो मॅडम," ताई म्हणाल्या आणि पदरानं काचेवरची धूळ पुसायला लागल्या. मे संपत आला होता. २०१९ आणि २०२१ चा महापूर पाहिलेल्या कोल्हापूरकराला उघड्यावरच्या गाडीचं पावसाळ्यात काय होतं हे सांगावं लागत नाही.

पूर्वी असे अर्ज फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४५१ आणि ४५७ खाली व्हायचे. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची कलमं ४९७ आणि ५०३ आली. ५०३ मध्ये मुद्देमाल, म्हणजे जप्त वस्तू, कुणाला द्यायचा, तर ज्याला ताब्याचा हक्क आहे त्याला. आरसीवरचं नाव हा त्या हक्काचा मोठा पुरावा खरा, पण एकमेव नव्हे. माझा सगळा भर यावरच होता. मृत्यूचा दाखला, विमा आणि सासूबाईंचं ना हरकत प्रतिज्ञापत्र जोडलं. मुलं अज्ञान, म्हणजे अल्पवयीन, त्यांच्या वतीनं आईच. कर्ज आधीच फिटलेलं, त्यामुळे फायनान्सवाल्यांचा प्रश्न नव्हता.

कसबा बावड्याच्या न्यायसंकुलात अर्ज दिला, कोर्टानं तपास अधिकारी आणि सरकारी वकिलांचं म्हणणं मागवलं. म्हणणं आलं ते विरोधाचं: मालक मयत, अर्जदार नोंदणीकृत मालक नाही, गाडीची विल्हेवाट लावली जाईल.

मी सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणातला सर्वोच्च न्यायालयाचा २००२ चा निकाल पुढे ठेवला. पंचनामा करा, फोटो काढा, बंधपत्र, म्हणजे लेखी हमी, घ्या आणि गाडी सोडा. वाहनं ठाण्यात वर्षानुवर्षं ठेवण्यात अर्थ नाही, असं त्यात स्पष्ट आहे. इथं तर पंचनामा झाला होता, मोटार वाहन निरीक्षकांनी ब्रेक तपासून अहवालही दिला होता. न्यायाधीशांनी एकच विचारलं, "गाडीवर दुसरा कुणी हक्क सांगतोय का?" सरकारी वकील म्हणाले, नाही.

आदेश होणार हे दिसायला लागलं तशी मला खरी काळजी नेहमीच्या अटींची वाटायला लागली. गाडी विकू नये, हस्तांतर करू नये, रंग बदलू नये, बोलावल्यावर हजर करावी. त्यातली 'हस्तांतर करू नये' ही अट जशीच्या तशी आली असती, तर वारस म्हणून नाव लावणंही अडलं असतं. मी उभी राहून विनंती केली की वारसनोंद या अटीतून वगळावी. साहेबांनी क्षणभर अर्ज चाळला आणि स्टेनोला तेवढं वाक्य घालायला सांगितलं.

ताईंनी बंधपत्रावर सही केली. आदेशाची नक्कल घेऊन ठाण्यात गेलो, तर मुद्देमाल हवालदारांनी ताबा पावती स्वतः लिहून दिली, वर हवा भरायचा पंपही आणून दिला. दिरानं शेजारच्या गाडीवरून केबल जोडून टेम्पो चालू केला. ताईंनी पहिल्यांदा हौदा धुऊन काढला. पुढच्या आठवड्यात त्या वारसनोंदीची फाईल घेऊन आरटीओत गेल्या, आदेशातल्या त्या ओळीखाली पेन्सिलनं रेघ मारून.