तुम्ही विचारलंत म्हणून: ते लिहिलेलं असतं का?

गावाकडं आलो की लग्नात, मयतीत, एसटी स्टँडवर, कुठंही हा प्रश्न ठरलेला. "भाऊ, टीव्हीवर तुम्ही जे बोलताव ते कुणी लिहून देतेत का तिथल्या तिथं सुचतंय?" मयतीत विचारणारा आवाज जरा खाली घेतो, एवढाच फरक.

तर आमच्या विनोदी स्किटमधलं बोलणं लिहिलेलं असतं. बऱ्याचदा लिहिणारा मीच असतो. हे सांगितलं की समोरच्याचं तोंड उतरतं. सुचलेला विनोद म्हणजे देवाची देणगी आणि लिहिलेला म्हणजे पाठांतर, असा आपल्याकडं समज आहे. म्हणून जरा सविस्तर सांगतो.

दहा मिनिटांच्या स्किटला दहाबारा पानं लागतात. त्यात विनोद सगळ्यात शेवटी येतो. आधी ठरवायचं ते एवढंच, की या माणसाला काय हवंय आणि ते त्याला सरळ का मागता येत नाही. हे जमलं नाही तर वर कितीही पंच, म्हणजे हशा पिकवणारी वाक्यं, पेरा, उगवत नाहीत.

एप्रिल 2016 मध्ये लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं, ते आठवत असेल. पहिल्या गाडीला दहा वाघिणी होत्या, पाच लाख लिटर पाणी. देशभराचे कॅमेरे स्टेशनवर. माझी बहीण लातुरातच राहते, त्यामुळं तो उन्हाळा मला बातम्यांतून कळला नाही, फोनवरून कळला. पुढं त्यावर स्किट करायचं म्हटल्यावर बैठकीत पहिला सवाल आला, "यात हसण्यासारखं काय आहे?" सवाल रास्त होता. टँकर, हंडे, नळावरची भांडणं मी बाजूला ठेवली, कारण ते सगळ्यांनी पाहिलेलं. एक घर घेतलं. मुलगी बघायला पाहुणे आलेत. आता आपल्याकडं पाहुणा टेकला की आधी पाण्याचा तांब्या. आणि घरात आहे अर्धी घागर, पुढचं पाणी कधी येणार ते कुणालाच माहीत नाही. 'नाही' म्हणावं तर सोयरीक मोडती. मग बाप म्हणतो, "पाणी काय पेताव, च्या घ्या!" म्हैस घरची, दुधाला तोटा नाही. पाहुणे तीनतीन कप चहा पितात आणि तहान आणखी वाढते. मामा पाय धुवायला उठतात, तर पोरीचा भाऊ त्यांचे पाय धरून दाबायलाच बसतो, "आमच्यात पाहुण्याचे पाय दाबतेत, मामा." आजी मधूनच सुनावते, "पाणी पेलं की भूक मरती." शेवटी नवरदेवाला चक्कर येते, त्याचा बाप धावत गाडीकडं जातो आणि डिकीतून पाण्याचे दोन जार काढतो. तेही घरून पाणी घेऊनच निघालेले आणि सांगायची लाज वाटत होती. जार बघून मुलीचा बाप उठतो, "पोरगी दिली!"

यात एकही माणूस विनोद करत नाही, हे बघा. सगळे कासावीस आहेत.

हे मला मुंबईत कुणी शिकवलं नाही. आमच्या गावात सप्ताहात भारूड व्हायचं. पैठणच्या एकनाथांच्या भारुडातली ती सासुरवाशीण भवानीआईला रोडगा कबूल करते आणि सासऱ्यापासून सुरू करून घरातलं एकेक माणूस वाटेतून दूर कर म्हणते. ऐकणाऱ्या बाया पदर तोंडाला लावून हसायच्या. पण ती मात्र मनापासून नवस बोलत असते. तिनं एकदा जरी प्रेक्षकांकडं बघून डोळा मारला असता तर सगळं मातीत गेलं असतं. शेवटी ती एकटीच राहू दे म्हणते, तिथं हशाही येतो आणि परमार्थही. सोळाव्या शतकातलं हे लिखाण आहे आणि बांधणीला अजून तोड नाही.

पुढं विद्यापीठाच्या युवक महोत्सवात प्रहसनं केली. सहा कलाकार, दहा मिनिटं, अश्लीलता चालणार नाही, असा तो नियम. आजही बहुतेक वेळा मी त्याच मापात विचार करतो. औरंगाबादच्या विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकवणारे लक्ष्मण देशपांडे 'वऱ्हाड निघालंय लंडनला'मध्ये एकटे बावन्न पात्रं उभी करायचे, ते आम्ही कॅसेटवर ऐकून ऐकून घोकलेलं. मग लातूर एक्स्प्रेस, मुंबई, कुणाच्या तरी खोलीत पाचवा माणूस म्हणून राहणं. ती कहाणी सगळ्यांची सारखीच असते, सोडा.

राहिला प्रश्न तिथल्या तिथं सुचण्याचा. त्याला आम्ही अ‍ॅडिशन म्हणतो. प्रत्यक्ष चित्रीकरणात ती घेतलेली मला आवडत नाही आणि कारण साधं आहे. तीनचार कॅमेरे लागलेले असतात, पुढचं वाक्य कुणाचं हे कागदावर ठरलेलं असतं. तुम्ही मधेच काही घातलंत तर कॅमेरा दुसऱ्याच्याच तोंडावर असतो, आणि घरी बसलेल्याला दिसतो तो एक गोंधळलेला माणूस. शिवाय हशा पिकला की थांबावं लागतं, नाहीतर पुढचं वाक्य त्यात बुडतं. किती थांबायचं हे मात्र लिहिता येत नाही. ते नटाचं काम. त्या स्किटमध्ये टाळ्या आजीनं घेतल्या, पण ओझं बापाचं काम करणाऱ्यानं वाहिलं. शेवटपर्यंत तो हसला नाही, म्हणून लोक हसले. अशा नटाला बक्षिसं कमी मिळतात, याचं मला वाईट वाटतं.

तालमीत मात्र अ‍ॅडिशनला मोकळीक असते. आजीचं ते भूक मरण्याचं वाक्य माझं नव्हतंच. तालीम चालू असताना काम करणाऱ्या बाईंच्या तोंडून निघून गेलं, मी लगेच पेननं समासात उतरवून घेतलं आणि पुढच्या प्रतीत ते टाइप होऊन आलं. गावाकडं लोक मला अडवून नेमकं तेवढंच म्हणून दाखवतात आणि वर म्हणतात, "हे तर तुम्हीच लिहिलं असंल, आपल्याकडचंच हाय."