पैसा सरकारचा, मग प्रॉडक्शन मॅनेजर कशाला?

तुम्ही विचारलंत म्हणून लिहितोय. जुन्या पोलिश सिनेमाचा विषय निघाला की हा प्रश्न हमखास येतो: समाजवादी पोलंडमध्ये पैसा सरकारचा, सिनेमा पडला तरी कुणाचं घर गहाण पडत नव्हतं, मग प्रॉडक्शन मॅनेजरला एवढं वजन का?

कारण पैसा मंजूर होई, वस्तू मिळत नसत. बजेट झ्लॉटीत, म्हणजे पोलिश चलनात, पण कोडॅकची निगेटिव्ह (शूटिंगची कोरी फिल्म) परकीय चलनात. पूर्व जर्मनीची ऑर्वो फिल्म त्या मानाने सहज मिळे, पण रंगीत कामाला कॅमेरामन ती नाखुशीनेच घेत. म्हणून मॅनेजरचा खरा हिशेब मीटरमध्ये चाले.

35 मिमी फिल्म सेकंदाला 24 फ्रेम्सने मिनिटाला साधारण 27.4 मीटर धावते. 100 मिनिटांचा सिनेमा म्हणजे 2,740 मीटर. त्याच्या चौपट निगेटिव्ह मिळाली असं धरा: सुमारे 11,000 मीटर, म्हणजे 305 मीटरचे 36 डबे, एका डब्यात 11 मिनिटं. ती सगळ्या सीनना सारखी वाटली की फसगत ठरलेली. दोन माणसं टेबलाशी बोलताहेत तिथे तिप्पट पुरते. लहान मूल, घोडा किंवा गर्दी आली की सात-आठपटही कमी पडते. रोज पॅकअपनंतर किती मीटर वापरली, किती ओके, किती शिल्लक, हे रिपोर्टात आलंच पाहिजे. 30 मीटरचा उरलेला तुकडासुद्धा जपायचा. घड्याळ, पत्र, दाराची कडी असे इन्सर्ट, म्हणजे वस्तूंचे छोटे क्लोजअप, त्यावर निघतात. पहिल्या आठवड्यात दिग्दर्शकाचा हात सैल सुटला, तर शेवटच्या आठवड्यात कळीचा सीन एका टेकमध्ये उरकावा लागतो, आणि बोल मॅनेजरला.

दुसरी टंचाई उजेडाची. वॉर्सात जूनअखेरीस दिवस पावणेसतरा तासांचा, डिसेंबरात पावणेआठचाही नाही. त्यातले सुरुवातीचे आणि शेवटचे तुकडे वगळले तर आउटडोअरला पाच-सहा तास हाती लागतात. म्हणून हिवाळी शेड्यूलमध्ये बाहेरचे सीन आधी लावायचे आणि वूच (लॉड्झ) किंवा व्रोत्स्वाफच्या स्टुडिओतला एखादा सेट राखून ठेवायचा. हवा बिघडली की युनिट तिकडे वळवायचं. सेट उभा नसेल तर शंभरेक माणसं नुसती चहा पीत बसतात.

थंडीचं वेगळंच. बॅटऱ्या निम्म्यातच मान टाकतात, म्हणून सुट्या बॅटऱ्या कोटाच्या आत. बाहेरून उबदार खोलीत आणलेला कॅमेरा लगेच उघडला की लेन्सवर दव धरतं. तो बंद पिशवीत तास-दोन तास तसाच ठेवायचा. जनरेटरला हिवाळी डिझेलच हवं, नाहीतर ते गोठून फिल्टर तुंबतो.

मॅनेजरच्या वजनामागे व्यवस्थाही होती. सिनेमे 'फिल्म युनिट'मध्ये बनत आणि युनिटच्या वरच्या तिघांत कलाप्रमुख आणि साहित्यप्रमुखाच्या जोडीला निर्मितीप्रमुख असे. दिग्दर्शक आंद्रे वायदांच्या 'एक्स' युनिटमध्ये निर्मितीप्रमुख बार्बारा पेत्स-श्लेशित्स्का होत्या. ग्दान्स्कच्या जहाजबांधणी कामगारांचा संप ऑगस्ट 1980 मधला. त्यावरचा वायदांचा 'मॅन ऑफ आयर्न' मे 1981 मध्ये कान चित्रपट महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार घेऊन गेला. पटकथा, परवानग्या, शूटिंग, एडिटिंग, सगळं नऊ महिन्यांत! दिग्दर्शकाचं नाव सगळ्यांना पाठ आहे. तारखा जुळवणाऱ्या बाईंचं नाव क्वचितच कुणी घेतं, हे मला अन्यायाचं वाटतं. त्याच वर्षी 13 डिसेंबरला लष्करी कायदा आला आणि फोन बंद पडले. ज्या कामाचं निम्मं आयुष्य फोनवर जातं, त्याचं काय झालं असेल ते समजून घ्या.

1989 मध्ये समाजवादी राजवट गेली आणि गणित उलटं झालं. आता निगेटिव्ह, क्रेन, जनरेटर फोनवर मिळतं, पण पैसा चार दारांतून येतो. 2005 मध्ये सिनेमांना निधी देणारं पोलिश फिल्म इन्स्टिट्यूट आलं, 2019 पासून पोलंडमधल्या पात्र खर्चाच्या 30 टक्के परताव्याची योजना सुरू झाली. प्रत्येक दाराचे नियम निराळे, पावत्यांची छाननी निराळी. शिवाय परतावा मिळतो तो काम संपून हिशेब तपासल्यावर. तोवर पगार आणि भाडी कुठून भागवायची, याची तजवीज पहिल्या शॉटच्या आधीच करून ठेवावी लागते.