हॅलो, हॅलो

मी मराठी सबटायटल्स करते. रोमेनियावरचा माहितीपट हातात आला तेव्हा वाटलं, म्हाताऱ्याचं पक्षछाप भाषण, दुपारपर्यंत हातावेगळं होईल.

२१ डिसेंबर १९८९, बुखारेस्ट. सज्जात रोमेनियाचा कम्युनिस्ट हुकूमशहा निकोलाय चाउशेस्कू, खाली चौकात जमवून आणलेली गर्दी. २४ वर्षं सत्तेत मुरलेला गडी. १९७४ साली राष्ट्राध्यक्ष होताना राजदंड हातात घेतला, तेव्हा चित्रकार दालीने चेष्टेने अभिनंदनाची तार केली होती. पक्षाच्या वृत्तपत्राने ती गंभीरपणे छापली! असल्या माणसाला सभा म्हणजे पाठ झालेलं नाटक.

तेवढ्यात गर्दीत गलका होतो. त्याचा उजवा हात वर जातो आणि तसाच राहतो. मग तो म्हणतो, "अलो! अलो!"

दीड तास मी तिथेच अडकले. आधी 'ऐका, ऐका' लिहिलं, मग 'शांत व्हा'. दोन्ही खोटं वाटलं. रोमेनियन लोक फोनवर 'अलो' म्हणतात. माणसं उलटलीत हे त्याच्या डोक्यात शिरतच नाहीये, मधेच लाइन कटल्यासारखा तो त्यांना हाका मारतोय, असं मला तरी दिसलं. 'हॅलो' ठेवलं. पुढे तो 'आपापल्या जागी शांत राहा' म्हणतो, वर्गातल्या मास्तरसारखं, आणि किमान वेतन २००० वरून २२०० लेई करायचं जाहीर करतो. दुसऱ्या दिवशी हेलिकॉप्टरने पळ.

२५ तारखेला तिर्गोविश्तेच्या लष्करी तळावर खटला. आधी डॉक्टर त्याचा रक्तदाब मोजतो. त्याच दिवशी गोळ्या घालायच्या माणसाचा! टेबलामागे ओव्हरकोटात बसून तो पुन्हा पुन्हा बजावतो, उत्तर देईन ते फक्त राष्ट्रीय महासभेपुढे. इथे 'आम्ही' लिहायचा फार मोह झाला, पण तो 'मी'च म्हणतो. मधेच शेजारी बसलेल्या बायकोच्या, एलेनाच्या हातावर थोपटतो. तिथे सबटायटल नाही, पडदा मोकळा सोडला.

संध्याकाळी माझी सबटायटल्स तपासणाऱ्याचा शेरा आला: 'हॅलो' इतक्यांदा का? चुकून कॉपी झालंय का? बाकीचे काढू?

मी लिहिलं, एकही काढू नका.