चित्र आधी, आवाज मागून

शाळेच्या अमृतमहोत्सव समितीने विषय दिला तो ‘चित्रपट संकलकाची कारकीर्द’. पण विज्ञानाच्या सरांना वगळून मला या विषयाकडे जाताच येत नाही.

शनिवारी मोठ्या हॉलमध्ये सर १६ मिलिमीटरच्या प्रोजेक्टरवर फिल्म्स डिव्हिजनचे माहितीपट दाखवत. ४०० फुटांचे रीळ सुमारे ११ मिनिटे चाले. फिल्म तुटली की पोरे गलका करत आणि सर शांतपणे दिवा लावून जोडायला बसत. दोन्ही टोके स्प्लायसरवर, म्हणजे फिल्म कापून जोडायच्या साच्यावर, सरळ कापायची. एका टोकाची निस्तेज बाजू, म्हणजे चित्राचा थर, खालचा पारदर्शक पाया दिसेपर्यंत खरवडायची. मग फिल्म सिमेंटचा एकच पातळ हात आणि लगेच दाब. सिमेंट डिंकासारखे चिकटवत नाही, ते पाया विरघळवून दोन तुकडे एकजीव करते. थर जरा राहिला तर सांधा उष्णतेने गेटमध्येच, म्हणजे दिव्यासमोरच्या खिडकीतच, उघडतो. सिमेंट जास्त झाले तर शेजारच्या चित्रावर, म्हणजे फ्रेमवर, ओघळते. आपल्याकडच्या वैशाखात बाटली लवकर घट्ट होते, म्हणून सर ती माठाजवळ ठेवत. “घाई नको रे भाऊ, आधी नीट घास,” असे ते मदतीला बसलेल्या मुलाला सांगत.

एका शनिवारी सांध्यापाशी चित्राने उडी मारली, पण आवाज तुटला सेकंदभराने. सरांनी खेळ थांबवून फळ्यावर आकृती काढली. गेटमध्ये फिल्म सेकंदाला २४ वेळा थांबत थांबत सरकते. आवाज मात्र एकसारख्या चालणाऱ्या फिल्मवरूनच वाचता येतो. म्हणून फिल्मच्या कडेच्या ध्वनिपट्टीतून उजेड पाडून आवाज वाचणारा दिवा गेटच्या पुढे असतो आणि १६ मिलिमीटरमध्ये आवाज चित्राच्या २६ फ्रेम पुढे छापतात. सांधा आधी गेटमधून जातो, २६ फ्रेमनंतर दिव्यापाशी पोचतो. तिथे ‘टप’ असा आवाज होऊ नये म्हणून सर ध्वनिपट्टीवर काळ्या शाईने छोटा त्रिकोण रंगवत. त्यामुळे उजेड एकदम न तुटता हळूहळू कमी होतो. ही युक्ती व्यावसायिक संकलनातही होती.

संकलनाचे मर्म त्याच आकृतीत आहे. चित्र आणि आवाज एकाच जागी कापण्याचे बंधन नाही. बोलणाऱ्याचे वाक्य संपायच्या १०-१२ फ्रेम आधी ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर गेले, तर कट सहसा जाणवत नाही. दर वेळी दोन्ही एकाच फ्रेमवर तोडले की संवाद ठोकळ्यांसारखे ऐकू येतात.

फिल्मच्या काळात ही कारकीर्द उमेदवारीतून घडे. शॉटच्या सुरुवातीला वाजवायची क्लॅपची पाटी मिटल्याची फ्रेम शोधून ती आवाजाच्या मॅग्नेटिक पट्टीवरच्या ‘टक्’शी जुळवायची, उरलेले तुकडे शॉट क्रमांक लिहून बिनमध्ये, म्हणजे तुकडे लटकवायच्या पेटीत, टांगायचे, हे पहिले काम. ३५ मिलिमीटरमध्ये फुटाला १६ फ्रेम, मिनिटाला ९० फूट. पट्टीतला फुटाचा तुकडा गळला की तिथून पुढे ओठ आणि शब्द जमतच नाहीत. कामाची प्रत, म्हणजे संकलनासाठी काढलेली कच्ची प्रत, पारदर्शक टेपने जोडत, त्यामुळे सांधा सोडून पुन्हा बदलता येई. निगेटिव्ह मात्र सिमेंटने जोडत. खरवडण्यात सांध्याजवळची फ्रेम जाते, ती परत मिळत नाही. म्हणून कात्री लागण्याआधी निर्णय पक्का करावा लागे. हृषीकेश मुखर्जी दिग्दर्शनाआधी संकलक होते, त्यांची पिढी याच शिस्तीतली.

संगणकाने कष्ट वाचवले, हे चांगलेच झाले. गेली ती शेजारची खुर्ची. आता सहायक वेगळ्या खोलीत फाइली लावतो. संकलक एखादा शॉट दोन फ्रेमने का आखडतो, हे त्याला दिसत नाही. आपल्या सरांनी प्रत्येक सांधा मुलांच्या देखत जोडला. असे शिकवणारे आता फार थोडे.

एक विनंती. प्रयोगशाळेच्या कपाटातली सरांची रिळे कोणी तशीच प्रोजेक्टरवर चढवू नयेत. डबा उघडताच व्हिनेगरचा आंबट वास आला, तर फिल्मचा ॲसिटेट प्लास्टिकचा पाया कुजू लागला आहे. ती रिळे लगेच वेगळी ठेवा. त्यांच्या वाफेने शेजारची रिळेही बिघडतात. अशी फिल्म आखडते, मग फिल्म पुढे ओढणारा यंत्राचा आकडा तिच्या कडेची भोके फाडतो. बाकीची पत्र्याच्या छताखालून काढून तळमजल्यावर, कोरड्या आणि हवेशीर खोलीत आडवी ठेवा, आणि पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला पत्र लिहून पुढे काय करायचे ते विचारा. हे उन्हाळ्याआधी व्हायला हवे.